शब्दा, तुझं गाव कोणतं?

इंग्रजीत सी-एच या अक्षरांनी सुरू होणारे तीन शब्द घ्या. तिन्ही रोजच्या बोलण्यात नसणारे, पुस्तकातच भेटणारे. पहिला चर्लिश, म्हणजे उर्मट, अडदांड. दुसरा शार्लटन, म्हणजे भोंदू, नसलेली विद्या मिरवणारा. तिसरा कायमीरा, म्हणजे सिंहाचं तोंड, शेळीचं धड आणि सापाची शेपटी असलेला पुराणातला प्राणी, आणि त्यावरून अशक्य कल्पना. अक्षरं तीच, पण एकदा उच्चार च, एकदा श आणि एकदा क. इंग्रजीला नियमच नाही असं म्हणून लोक इथेच पुस्तक मिटतात. मला ते पटत नाही. नियम आहे, पण तो स्पेलिंगमध्ये नसून शब्द ज्या गावाहून आला त्या गावात आहे. चर्लिश अस्सल जुन्या इंग्रजीतला, म्हणून च. शार्लटन फ्रेंचांकडून आला, म्हणून श. कायमीरा ग्रीकांचा, म्हणून क. थॉनिक म्हणजे पाताळातला. त्याच्या स्पेलिंगच्या सुरुवातीला सी-एच-टी-एच अशी चार व्यंजनं एका रांगेत उभी असतात. पण हा ग्रीक पाहुणा आहे आणि इंग्रजी जिभेला त्याची पहिली दोन अक्षरं पेलत नाहीत, हे कळलं की भीती जाते.

आपल्याकडे नवा माणूस ओसरीवर आला की पाण्याचा तांब्या पुढे करून पहिला प्रश्न विचारतात, गाव कोणतं? अनोळखी इंग्रजी शब्दालाही तोच प्रश्न आधी विचारावा, असं मी अमळनेरच्या पोरांना इतकी वर्षं सांगत आले. मी इंग्रजीची शिक्षिका, आता निवृत्त. वडील प्रताप मिलमध्ये कामाला होते. घरात अहिराणी, शाळेत मराठी आणि पाचवीपासून इंग्रजी. अशा घरातलं मूल उच्चाराच्या बाबतीत फार लवकर शहाणं होतं. आमच्या अहिराणीत ‘ळ’चा ‘य’ होतो. डोळ्याला डोया म्हणतात, काळ्याला काया. माय घरी ‘डोया’ म्हणायची आणि शाळेच्या पुस्तकात ‘डोळा’ असायचा. दोन्ही बरोबर होते. एक घरचा आणि एक पुस्तकाचा, एवढाच फरक.

आमच्या गावाच्या नावाचीच गोष्ट पाहा. इंग्रजीत ते ए-एम-ए-एल-एन-ई-आर असं लिहितात. सुरत-भुसावळ मार्गावरून जाणारा परका प्रवासी पाटीवरचं ते स्पेलिंग वाचून अमालनेर म्हणतो, कुणी अमलनेर म्हणतो. इंग्रजी लिपीत ळ नाही, आणि ए हे एकच अक्षर अ, आ, ॲ, ए अशी चार कामं करतं. त्या प्रवाशाला अडाणी म्हणता येईल का? त्याला गाव माहीत नाही, इतकंच. आमच्या मुलांपुढे एपिटमी हा शब्द येतो तेव्हा त्यांची गत तीच असते. अर्थ : एखाद्या गुणाचा मूर्तिमंत नमुना. स्पेलिंगच्या शेवटी ई आहे, आणि केक, गेम, नेम शिकताना शेवटचा ई मुका असतो असं त्यांनी पाठ केलेलं असतं. म्हणून ती एपिटोम म्हणतात. पण शब्द ग्रीक आहे, आणि ग्रीक गावचे शब्द शेवटचा ई बोलून दाखवतात. अतिशयोक्तीला हायपर्बली म्हणतात, शब्दाचं शेपूट गळून जातं त्याला अपॉकपी, आणि अंशावरून पूर्णाचा बोध करून देणाऱ्या अलंकाराला सिनेकडकी. शेवटच्या शब्दात तर सी-एचचा क आणि शेवटचा ई दोन्ही एकदम भेटतात. गाव एकदा कळलं की चारही शब्द एका दमात सुटतात.

मराठी जशी लिहितात तशीच बोलतात, असं आपण अभिमानाने सांगतो. ते पुरतं खरं नाही. ‘चंद्र’मधला च आणि ‘चाक’मधला च एकच का? ‘जल’ आणि ‘जाळं’ यांतला ज? पहिले तालव्य, दुसरे दंततालव्य. लिपीत मात्र त्यांना वेगळी खूण नाही. कुठे कोणता च म्हणायचा हे ठरतं तेसुद्धा बऱ्याच अंशी शब्दाच्या गावावरून. संस्कृतातून जसेच्या तसे आलेले चरण, चंद्र, जय, जल हे तालव्य. आपल्या मातीत रुळून बदललेले चाक, चूल, जाळं, जुना हे दंततालव्य. फारसीतून आलेली जमीनही त्यांच्याच पंगतीत. ‘चार’सारखे अपवाद आहेत, आणि पुढे इ किंवा ए आला की च तालव्यच राहतो. तरी मूळ सूत्र तेच. हे आपण आईच्या मांडीवर शिकतो, म्हणून शिकल्याचं कळत नाही. मराठी शिकणाऱ्या परदेशी माणसाला विचारा, तो या एका च-पायी किती हैराण होतो ते. अमळनेरला १९५२ साली साहित्य संमेलन भरलं तेव्हा अध्यक्ष होते कृ. पां. कुलकर्णी, म्हणजे ‘मराठी व्युत्पत्ति कोश’ तयार करणारे. शब्दांची गावं शोधण्यात ज्यांनी आयुष्य घातलं असे अध्यक्ष आमच्या गावाला लाभले, याचं मला फार अप्रूप आहे.

इंग्रजी शब्दांचं गाव शोधताना एक अडचण मात्र येते. काहींना खोटी वंशावळ चिकटवलेली असते. डेट, म्हणजे कर्ज. स्पेलिंगमध्ये बी आहे आणि उच्चारात नाही. हा शब्द फ्रेंचांकडून आला तेव्हा त्यात बी नव्हताच. सोळाव्या शतकाच्या सुमारास लॅटिनच्या प्रेमात पडलेल्या विद्वानांना वाटलं, याचं मूळ घराणं लॅटिन, मग बी दाखवायलाच हवा. बँकेच्या पासबुकात आपण ‘डेबिट’ वाचतो, त्या घराण्यातला हा बी. लोकांची जीभ काही बदलली नाही, अक्षर तेवढं राहिलं. पावतीच्या रिसीटमधला पी तसाच, आणि खाद्यपदार्थांना व्हिटल्स म्हणतात त्या शब्दातला सीही तसाच. सगळ्यांत मोठा घोळ टार्मिगनचा. हा बर्फाळ प्रदेशात राहणारा, हिवाळ्यात पांढरा होणारा पक्षी. नाव स्कॉटलंडच्या गेलिक भाषेतलं. ग्रीक शब्द पी-टीने सुरू होतात हे पाहून कुणीतरी त्याला पुढे पी जोडला, आणि ज्याचा ग्रीकांशी काही संबंध नाही असा पक्षी कायमचा ग्रीक पोशाखात अडकला. आपल्याला शाळेपासून माहीत असलेला कर्नल तर दोन घरचा आहे. इटालियनमध्ये त्यात ल होता, जुन्या फ्रेंचमध्ये त्याचा र झाला. इंग्रजांनी लिहायला ल-वाला घेतला आणि म्हणायला र-वाला ठेवला. या गोष्टी सांगितल्या की वर्गातलं सगळ्यांत मागच्या बाकावरचं पोरगंसुद्धा स्पेलिंग विसरत नाही.

गाव विचारण्याची ही रीत अमेरिकेत एका स्पर्धेच्या नियमातच बसवली आहे. १९२५ पासून तिथे शाळकरी मुलांची राष्ट्रीय स्पेलिंग स्पर्धा होते. मुलाला एक अवघड शब्द ऐकवतात आणि त्याने त्याची अक्षरं सांगायची. पण उत्तर देण्याआधी मुलाला विचारता येतं : अर्थ काय? शब्दाची जात कोणती, म्हणजे नाम की विशेषण? वाक्यात कसा येतो? दुसरा एखादा उच्चार आहे का? आणि हा कोणत्या भाषेतून आला? शेवटचा प्रश्न विचारला नाही असं मूल क्वचितच. गेल्या पंचवीस वर्षांत विजेत्यांमध्ये भारतीय वंशाच्या मुलांची रांग लागली आहे, आणि तिकडच्या मराठी घरांतही संध्याकाळी या शब्दांचा सराव चालतो. ज्या कोशातून शब्द निवडतात त्यात साडेचार लाखांहून अधिक नोंदी आहेत. इतकं पाठ करणं शक्यच नाही. म्हणून मुलं मुळं शिकतात, ग्रीक कशी लिहितात, लॅटिन कशी, जर्मन कशी.

२०१९ साली त्या स्पर्धेत शब्द संपत आले तरी मुलं हरेनात, आणि आठ जण एकदम विजेते ठरले. त्यांच्या शेवटच्या शब्दांपैकी दोन मी मुलांना मुद्दाम सांगते. एक एरिसिपलस. कातडी लाल होऊन सुजते, ताप येतो, लाली पसरत जाते. ऐकायला केवढा भारी शब्द! आपल्या आयाबाया त्याला धावरं म्हणतात. दुसरा शब्द बूगनव्हिलिआ. स्पेलिंग बी-ओ-यू-जी-ए-आय-एन-व्ही-आय-एल-एल-ई-ए. तिकडे मुलाने हा शब्द बरोबर सांगितला तेव्हा सभागृह उठून टाळ्या वाजवत होतं, आणि इकडे अमळनेरच्या कितीतरी कुंपणांवर तो फुललेला असतो. आपण त्याला बोगनवेल म्हणतो. बूगनव्हिल हे एका फ्रेंच दर्यावर्द्याचं नाव, त्याच्या सन्मानार्थ झाडाचं नाव ठेवलं. मराठी माणसाने ते ऐकलं, शेवटी ‘व्हिल’ कानावर पडलं, समोर तर वेलच दिसत होती. झाली बोगनवेल. याला चूक म्हणणाऱ्यांशी मी वाद घालते. परक्या शब्दाला आपल्या गावात घर देण्याची भाषेची ही जुनी पद्धत आहे.

इंग्रजांनीही तेच केलं, आणि आपल्याच शब्दाचं केलं. मुंगूस हा शब्द पोर्तुगीजांमार्फत त्यांच्याकडे गेला आणि मोंगूस झाला. स्पेलिंगच्या शेवटी त्यांनी चक्क त्यांचं हंस-कुळातलं पाखरू, गूस, आणून बसवलं. मुंगसाचा त्या पाखराशी काय संबंध? नाव ओळखीचं वाटावं म्हणून. परीक्षेत मुलं त्याचं अनेकवचन मोंगीस करतात, कारण गूसचं गीस होतं हे त्यांना पक्कं ठाऊक असतं. शब्द मराठी आहे हे माहीत असेल तर कोणी असं करणार नाही. अनेकवचन साधं, मोंगूसेस. मुंबईची चाळ त्यांच्या कोशात चॉल म्हणून गेली. इथेही ळ हरवलाच. अशा हिंदुस्थानी शब्दांचा एक जाडजूड कोश हेन्री यूल आणि ए. सी. बर्नेल यांनी १८८६ साली काढला. त्याचं नाव हॉब्सन-जॉब्सन. मोहरमच्या मिरवणुकीतला ‘या हसन, या हुसेन’ हा आक्रोश गोऱ्या शिपायांच्या कानाला असा ऐकू आला, आणि ऐकण्यातली ही गफलतच कोशाचं नाव झाली. एका दुःखाच्या हाकेचं असं व्हावं याचं मला वाईट वाटतं. तरी तो कोश मी पुन्हा पुन्हा उघडते, कारण आपले शब्द परक्या कानांना कसे ऐकू आले याची इतकी तपशीलवार नोंद दुसरीकडे मिळत नाही.

एक गोष्ट फार थोड्यांना माहीत असते. इंग्रजीतले पहिले कोश अवघड शब्दांचेच होते. रॉबर्ट कॉड्री नावाच्या शिक्षकाने १६०४ साली सुमारे अडीच हजार शब्दांचं पुस्तक केलं. त्यात रोजचे शब्द नव्हतेच, पाणी, भाकरी, घर यांचा अर्थ कुणाला विचारायचा असतो? लॅटिन-ग्रीक न शिकलेल्यांना, विशेषतः बायकांना, प्रवचनात आणि पुस्तकात अडणारे शब्द त्याने सोपे करून दिले. पुढे १६२३ मध्ये हेन्री कॉकरमचा कोश आला. त्यात अप्रिसिटी हा शब्द आहे. अर्थ, हिवाळ्यातल्या उन्हाची ऊब. त्या कोशाबाहेर तो जवळपास कुठे वापरलेला सापडत नाही. म्हणजे शब्द नोंदला गेला पण संसाराला लागला नाही. जानेवारीत खानदेशात थंडी उतरते, केळीची पानं पिवळी पडू लागतात, शेतकरी रात्री बांधावर शेकोट्या पेटवून बागेत धूर धरतात. सकाळी भिंतीला पाठ लावून ऊन खात बसलेल्या माणसाला अप्रिसिटी म्हणजे काय हे समजवावं लागत नाही. आपण त्याला कोवळं ऊन म्हणतो, आणि तो शब्द आपल्याकडे मुळीच दुर्मिळ नाही.

या जुन्या कोशांत अर्थ असायचा, उच्चार नसायचा. सॅम्युएल जॉन्सनच्या १७५५ च्या प्रसिद्ध कोशातही शब्दाच्या कोणत्या भागावर जोर द्यायचा एवढीच खूण आहे. जॉन वॉकर नावाच्या, आधी रंगभूमीवर काम केलेल्या माणसाने १७९१ साली खास उच्चाराचा कोश काढला, स्वरांच्या डोक्यावर आकडे देऊन. डॅनिएल जोन्सचा उच्चारकोश १९१७ चा. तोवर आंतरराष्ट्रीय ध्वनिलिपी तयार झाली होती, आणि आज चांगल्या कोशात तिरप्या रेघांमध्ये जी चिन्हं दिसतात ती तीच. मुलं त्यांच्याकडे पाहतसुद्धा नाहीत. मी त्यांना दोनच चिन्हं आधी शिकवते. पहिलं उलटा ई. इंग्रजीत सगळ्यांत जास्त येणारा स्वर हाच आणि त्याला लिपीत स्वतंत्र अक्षर नाही. आपल्याकडे आहे : अमळनेरचा अ. दुसरं चिन्ह वर काढलेली छोटी उभी रेघ. ती ज्या अक्षराच्या आधी असेल तिथे जोर. मराठीत असा जोर फारसा नसतो, म्हणून आपण इंग्रजी शब्द सगळीकडे सारखा ठोकतो आणि ऐकणाऱ्याला कळत नाही. जोर सरकला की स्वरही बदलतात : फोटग्राफ, पण तो काढणारा फटॉग्रफर. त्याच ध्वनिलिपीत ळ-लासुद्धा चिन्ह आहे, खाली आकडी वळवलेला एल. रोमन लिपीने आमचा ळ नाकारला, पण ध्वनी ऐकणाऱ्या विद्वानांनी त्याला जागा दिली.

ही दोन चिन्हं येत असतील तर पेट्रिकोरसारखा शब्द अडत नाही. पहिल्या पावसाच्या मातीच्या वासाला हे नाव १९६४ साली आयझाबेल जॉय बेअर आणि रिचर्ड थॉमस या ऑस्ट्रेलियातल्या दोन शास्त्रज्ञांनी ‘नेचर’ या नियतकालिकात दिलं. पेट्रा म्हणजे दगड. दुसरा भाग इकोर, ग्रीक देवांच्या अंगात रक्ताऐवजी वाहणारा रस. कोरड्या दिवसांत वनस्पतींची तेलं दगडमातीत मुरून बसतात आणि ओल लागताच सुटतात. मातीतल्या जिवाणूंनी तयार केलेलं जिओस्मिनही त्या वासात मिसळलेलं असतं. देवांचा तो रस एकटा असताना इंग्रज त्याला आयकोर म्हणतात, म्हणून हुशार मुलं पेट्रायकोर म्हणू पाहतात. पण इथे जोर पहिल्या अक्षरावर आहे आणि मधला स्वर आखूड झाला आहे. मेच्या उन्हात भाजलेल्या आमच्या काळ्या मातीवर जूनमध्ये पहिली सर पडते तेव्हा हा वास गावभर असतो. कनौजचे अत्तरवाले तो कितीतरी आधीपासून कुपीत भरत आले आहेत.

जसा शब्दाचा उच्चार गावावरून कळतो, तसाच कधी कधी समाजाचा गावावरचा रागही शब्दात दिसतो. सुरुवातीला चर्लिश सांगितला. त्यातला चर्ल म्हणजे मुळात साधा शेतकरी, कुणबी माणूस. बूर म्हणजे असंस्कृत, त्याचंही मूळ शेतकरीच. आणि सिनेमातला व्हिलन? लॅटिनमध्ये शेतवाडीवर राबणारा तो. राबणाऱ्यांच्या तीन नावांना शहरातल्या लोकांनी शिवी करून टाकलं. आपण ‘गावंढळ’ म्हणतो तेव्हा दुसरं काय करतो? हे शब्द शिकवताना माझा आवाज चढतो, कारण समोर बसलेल्या बहुतेक मुलांचे आईवडील शेतात असतात. अहिराणीच्या लकबीत कोणी इंग्रजी बोललं की हसणारे मी पाहिले आहेत. त्यांना मी ही तीन नावं मुळापासून समजावून सांगते आणि पुढचा धडा सुरू करते.

आमच्या गावात १९१६ पासून तत्त्वज्ञान मंदिर आहे, श्रीमंत प्रतापशेठांनी उभं केलेलं. साने गुरुजी आधी तिथेच आले आणि मग प्रताप हायस्कुलात शिक्षक झाले. इथूनच ‘द फिलॉसॉफिकल क्वार्टर्ली’ हे इंग्रजी त्रैमासिक निघत असे, जी. आर. मलकानी त्याचे संपादक. तत्त्वज्ञानाच्या एका विद्यार्थ्याने त्या परिसरातून येऊन मला हेक्सीइटीचा उच्चार विचारला होता. स्पेलिंगमध्ये ए-ई आणि पुढे दोन सी पाहून तो थबकला होता. गाव लॅटिन. हेक म्हणजे ही. वस्तू इतर कशासारखी नसून हीच आहे, तिचं ते हेपण. डन्स स्कोटस या मध्ययुगीन पंडिताच्या परंपरेतला शब्द. ॲक्सेप्टमध्ये दोन सींचा जसा क्स होतो तसाच इथे.

आणि अमळनेरच्या कारखान्याने खेडोपाडी पोचवलेला एक शब्दही इंग्रजी कोशांत आहे. १९४५ मध्ये मोहम्मद हाशम प्रेमजींनी इथे वेस्टर्न इंडिया व्हेजिटेबल प्रॉडक्ट्स ही कंपनी काढली, पुढे तिचंच नाव आखडून विप्रो झालं. ती वनस्पती तूप करायची. वनस्पती हा संस्कृत शब्द, इंग्रजी कोशात त्याचा अर्थ दिलाय भारतात लोण्याऐवजी वापरतात ते घट्ट केलेलं वनस्पती तेल. झाडाझुडपांचा अर्थ नाही, डब्यातल्या तुपाचा तेवढा आहे. उच्चार वनॅस्पटी. पहिला स्वर उलटा ई, जोर दुसऱ्या अक्षरावर, त चा ट झालेला. कोशात तो व्ही खाली सापडेल.